आलुबुखाराचा मोदक, व्हाया व्हिएन्ना

हल्ली कुठल्याही बऱ्यापैकी कॅफेत जा, मेनूकार्डाच्या एका कोपऱ्यात गव्हाच्या ओंबीवर काट मारलेलं छोटंसं चित्र दिसतंच. ग्लूटेन-फ्री ब्राउनी, ग्लूटेन-फ्री पॅनकेक, ग्लूटेन-फ्री पिझ्झा... आणि किंमत? साध्या ब्राउनीच्या वरताण! जिममधली निम्मी जनता गहू सोडून बसलीय आणि उरलेली निम्मी तो कधी सोडावा याचा विचार करतेय. त्यामुळे पार्टीत कोणी 'मला ग्लूटेन चालत नाही' म्हटलं, की आपल्या चेहऱ्यावर आपसूक एक भाव उमटतो. 'आलं आणखी एक फॅड!'

पण मंडळी, या गर्दीत काही जण असे असतात ज्यांच्यासाठी हा फॅडचा मामला अजिबात नसतो. त्यांना सिलिअ‍ॅक डिसीज असतो. गहू, जव (म्हणजे बार्ली) आणि राय या धान्यांत जी प्रथिनं असतात, त्यांना ढोबळमानानं ग्लूटेन म्हणतात. सिलिअ‍ॅक असलेल्या माणसाच्या पोटात ते गेलं, की शरीराची स्वतःचीच संरक्षण यंत्रणा लहान आतड्याच्या अस्तरावर हल्ला चढवते. अन्नातलं सत्त्व शोषून घेणारे तिथले मखमलीसारखे बारीक उंचवटे झिजून सपाट होतात. मग पोट बिघडणं, अ‍ॅनिमिया, वजन न वाढणं, हाडं ठिसूळ होणं, सततचा थकवा असं कायकाय मागे लागतं. जगभरात साधारण शंभरातल्या एकाला हा त्रास असतो आणि त्यातल्या बऱ्याच जणांना त्याचा पत्ताही नसतो. यावर गोळी नाही, इंजेक्शन नाही. ग्लूटेन आयुष्यभर आणि शंभर टक्के बंद, एवढाच उपाय!

हे कोडं उलगडलं त्याची गोष्टही इंटरेस्टिंग आहे. विलेम डिके नावाचे एक डच बालरोगतज्ज्ञ होते. गव्हाचा आणि या आजाराचा काहीतरी संबंध आहे, असा त्यांना आधीपासूनच संशय होता. 1944-45च्या हिवाळ्यात, दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी, हॉलंडमध्ये भयंकर अन्नटंचाई झाली. ब्रेड मिळेना. सगळा देश उपाशी, पण सिलिअ‍ॅकची मुलं मात्र सुधारली. ब्रेड परत मिळू लागला आणि ती पुन्हा आजारी पडली. 1950 साली डिकेंनी आपल्या प्रबंधात हा गव्हाचा संबंध मांडला. सांगायचा मुद्दा हा, की इन्फ्लुएन्सर वगैरे जन्माला यायच्या कितीतरी आधीची ही गोष्ट आहे.

आता माझ्या मावसबहिणीकडे येऊ. वय चोवीस, आयटीत नोकरी, आणि दोन वर्षांपूर्वी झालेलं सिलिअ‍ॅकचं निदान. ऑफिसातल्या बर्थडेला सगळे केकवर तुटून पडतात तेव्हा ही ब्लॅक कॉफीचा कप घेऊन उभी असते. टीम लंचला डबा घेऊन जाते. एवढं तिनं पचवलंय. तिला पचत नाही तो आपल्या माणसांचा आग्रह.

मागे एका नातेवाइकांकडे सत्यनारायण होता. प्रसादाचा शिरा म्हणजे रवा, रवा म्हणजे गहू. तिनं हात पुढे केला नाही, तर एक काकू म्हणाल्या, "अगं, प्रसादाला नाही म्हणू नये. कणभर घे, काही होत नाही." तिनं गपचूप हातावर घेतला आणि स्वयंपाकघराच्या दाराशी येऊन माझ्या हातावर ठेवला. मग जे म्हणाली ते माझ्या डोक्यातून जाईना.

"ताई, भूक लागते त्याचं काही नाही गं. पण दर वेळी सगळ्यांसमोर मेडिकल हिस्ट्री सांगावी लागते ना, त्याचा जाम कंटाळा येतो. गोड तर मी आता मागतच नाही."

चोवीसाव्या वर्षी गोड मागणं सोडून दिलेली मुलगी! मनाशी म्हटलं, हिच्यासाठी काहीतरी करायचं. आणि तेही वेगळ्या वाटीत, झाकून, 'हे तुझं हं' असं म्हणत पुढे सरकवलेलं नको. सगळ्यांनी एकाच ताटातून उचलून खायचं आणि वर रेसिपी विचारायची, असं काहीतरी हवं.

उत्तर सापडलं ते थेट ऑस्ट्रियात. तिथे 'मारिलेनक्नोडल' नावाचा एक प्रकार करतात. मारिले म्हणजे त्यांच्याकडचा जर्दाळू. व्हिएन्नाजवळ डॅन्यूबच्या काठी वाखाऊ नावाचं खोरं आहे, तिथले जर्दाळू एकदम फेमस. अख्खा ताजा जर्दाळू घ्यायचा, बी काढायची, तिच्या जागी साखरेचा क्यूब ठेवायचा. बटाट्याच्या किंवा चक्क्यासारख्या ताज्या चीजच्या कणकेत तो गुंडाळायचा, पाण्यात उकडायचा आणि लोण्यावर परतलेल्या ब्रेडच्या चुऱ्यात घोळवून वर पिठीसाखर भुरभुरायची. आलुबुखार घातला की त्याचंच नाव 'त्स्वेच्केनक्नोडल'. चेक लोक असेच फळांचे गोळे करतात, हंगेरीत आलुबुखाराचा 'सिलवाश गोम्बोत्स' असतो. चमच्यानं फोडला की आतून गरमागरम आंबटगोड रस बाहेर!

वर्णन ऐकून तुम्हाला कशाची आठवण झाली? मला तर थेट मोदकाची. वरून पारी, आत गोड सारण, गरम असतानाच खायची गंमत. फक्त व्हिएन्नावाल्यांच्या कणकेत मैदा किंवा रवा असतो आणि वरचा चुरा ब्रेडचा. म्हणजे माझ्या बहिणीसाठी बाद! आपला उकडीचा मोदक मात्र तांदळाचा. मग ठरलं : पारी कोकणातली, आतला मामला व्हिएन्नाचा.

थोडं सायन्स बघू, कारण त्यातच सगळी मेख आहे. गव्हाच्या पिठात पाणी घालून मळलं, की ग्लायडिन आणि ग्लूटेनिन ही दोन प्रथिनं हातात हात घालून एक रबरी जाळं विणतात. पोळी लाटताना फाटत नाही ती त्याच्या जिवावर. तांदळात हे जाळं नाहीच. म्हणून तांदळाच्या पिठात गार पाणी घातलं तर गोळा होतो, पण त्याला आकार द्यायला गेलं की भुगा. उकळतं पाणी घातलं की मात्र तांदळातला स्टार्च फुगतो, चिकट होतो आणि जाळ्याचं काम तोच करतो. यालाच आपण उकड म्हणतो. ग्लूटेन हा शब्दही न ऐकलेल्या आपल्या पणज्यांनी ग्लूटेन-फ्री बेकिंगमधला सगळ्यात मोठा प्रॉब्लेम असा चुलीवर सोडवून ठेवलाय. सही ना?

जाता जाता आणखी एक गोंधळ मिटवू. जपानी मोची ज्या तांदळाचा करतात त्याला इंग्रजीत 'ग्लूटिनस राइस' म्हणतात. नावावर जाऊ नका! तिथे त्या शब्दाचा अर्थ नुसता 'चिकट', त्यात ग्लूटेन नसतं. याच्या उलट केस क्रिस्टल डिमसमची. ते पारदर्शक, नाजूक आवरण बघून तांदळाचं वाटतं, पण त्यात बहुतेक वेळा गव्हाचा स्टार्च असतो. आणि आपला लाडका मोमो? तो तर उघड उघड मैद्याचा.

'तांदूळ आहे, म्हणजे झालं काम' असं मात्र समजू नका. खरी परीक्षा पुढेच आहे. तांदळाचं पीठ आपण कुठून आणतो? कोपऱ्यावरच्या गिरणीतून. त्या जात्यातून तुमच्या तांदळाच्या आधी कोणाचे तरी पाच किलो गहू दळून गेलेले असतात. भारतात एखाद्या पाकिटावर 'ग्लूटेन-फ्री' लिहायचं तर त्या पदार्थाच्या एका किलोत जास्तीत जास्त 20 मिलिग्रॅम ग्लूटेन चालतं. हजार ग्रॅममध्ये 20 मिलिग्रॅम! गिरणीच्या जात्याला चिकटलेलं गव्हाचं पीठ हा आकडा कधी ओलांडेल ते कळणारही नाही.

आणि हे फक्त पिठापुरतं नाही. घरातली चाळणी घ्या, तिच्या जाळीत वर्षानुवर्षांची कणीक अडकलेली असते. लाकडी पोळपाट-लाटण्याच्या भेगांत तेच. तुपाची बरणी बघा, पोळीला तूप लावताना त्याच चमच्याबरोबर कणही आत जातात. बाजारातला खडा नसलेला हिंग घ्या, त्यात बऱ्याचदा गव्हाचं पीठ मिसळलेलं असतं. सोया सॉसमध्ये साधारणपणे गहू असतो. बाहेरचे मोदक घेतलेत, तर पारी फाटू नये म्हणून कोणी चमचाभर मैदा ढकललाय का, ते विचारल्याशिवाय कळत नाही. 'कणभर' म्हणतात ना, तो कण हा असा असतो.

म्हणून मोदकांच्या आदल्या दिवसापासून मी घरात थोडी हुकूमशाही केली. त्या सकाळी पोळ्या नाहीत, कारण उडालेलं पीठ बराच वेळ हवेत राहतं आणि मग ओट्यावर बसतं. ओटा पुसून घेतला. भांडी धुवायला नवीन घासणी. चाळणी नवी. लाकडाला अजिबात हात लावायचा नाही, सगळी भांडी स्टीलची. तुपाचा नवा डबा फोडला. आई म्हणाली, "एवढं तर सोवळ्यातसुद्धा करत नाहीत गं!" पण हातातलं काम टाकून मोदकपात्र दोनदा घासून दिलं ते तिनंच.

आता फळाचं. ताजा जर्दाळू आपल्याकडे क्वचितच दिसतो, सुका मिळतो. आलुबुखार मात्र उन्हाळा संपता संपता हिमाचलहून यायला लागतो आणि पावसाळ्यात मंडईत लालचुटुक ढीग लागतात. हळदीची पानंही त्याच सुमाराला मिळायला लागतात, नागपंचमीच्या पातोळ्यांसाठी. दोघांची गाठ श्रावणात पडते. मग काय, आलुबुखार आणि हळदीचं पान एकाच पिशवीत!

साहित्य (8 मोदक) :
आंबेमोहोर तांदळाचं घरी केलेलं पीठ दीड वाटी, पाणी दीड वाटी, तूप 1 चमचा, मीठ चिमूटभर.
घट्ट, लहान आलुबुखार 8, शेंगदाण्यापेक्षा जरा मोठे गुळाचे खडे 8, घरी केलेली बदामाची पूड 4 चमचे, वेलदोडा.
घोळवायला : राजगिऱ्याच्या लाह्या 1 वाटी, तूप 2 मोठे चमचे, किसलेला गूळ 2 मोठे चमचे, दालचिनीची ताजी पूड अर्धा चमचा.
हळदीची पानं 3-4.

कृती :
पीठ : गिरणी टाळायची तर पीठ घरीच करायचं. तांदूळ दोन-तीन पाण्यांतून धुवायचे, सावलीत स्वच्छ कपड्यावर खडखडीत वाळवायचे, मिक्सरमधून अगदी बारीक काढायचे आणि नव्या चाळणीनं चाळायचे. आंबेमोहोर नसेल तर दुसरा कुठलाही नवा, चिकट होणारा तांदूळ चालेल. बासमतीला मात्र सुट्टी, तो मोकळा राहण्यात पटाईत.

फळ : आलुबुखाराला एका बाजूनं चीर देऊन बी काढा. पोकळीत चिमटीभर बदामाची पूड, वेलदोडा आणि गुळाचा खडा भरा आणि फळ पुन्हा मिटवा. साखरेच्या क्यूबची जागा गुळानं घेतली ती अशी. बदामाची पूड नुसती चवीला नाही बरं का! गरम झाल्यावर फळ भरपूर रस सोडतं, तो ही पूड पिऊन घेते. नाहीतर पारी आतून भिजते आणि मोदक फुटतो. त्याच कारणासाठी फळ बाहेरून कोरडं पुसा आणि उरलेल्या बदामाच्या पुडीत हलकंसं घोळवा. फळ पिकून मऊ झालेलं नको, दाबल्यावर कडक लागलं पाहिजे.

उकड : पाण्यात तूप आणि मीठ घालून खळखळून उकळा. गॅस बारीक करा, पीठ एकदम ओता, उलथन्याच्या टोकानं ढवळून झाकण ठेवा. दोन-तीन मिनिटांत वाफ आली की गॅस बंद. पाचेक मिनिटं तशीच झाकून ठेवा. मग परातीत काढून, हाताला पाणी आणि तूप लावत, सोसेल तेवढी गरम असतानाच मळा. गार उकड मळली तर कडा चिरतात. गोळा लोण्यासारखा मऊ झाला पाहिजे.

आकार : उकडीचे आठ भाग करा. ज्याची पारी करताय तो सोडून बाकीचे ओल्या फडक्याखाली. वाटीसारखी पारी करा, नेहमीच्या मोदकापेक्षा जरा जाड, कारण आतलं सारण ओलं आहे. मधोमध फळ ठेवा आणि कडा वर आणून मिटवा. कळ्या जमतात त्यांनी जरूर पाडा. नाही जमत? नो टेन्शन! व्हिएन्नावाले साधा गोल गोळाच करतात. अट एकच, कुठेही भेग नको.

वाफ : मोदकपात्रात हळदीची पानं अंथरा, मोदक पाण्यात बुडवून लगेच काढा, पानांवर सुटे सुटे ठेवा आणि 12 मिनिटं वाफवा. ऑस्ट्रियात ते पाण्यात सोडून शिजवतात, पण उकडीला वाफच मानवते. शिवाय हळदीच्या पानाचा तो वास! तो व्हिएन्नात कुठून मिळणार?

घोळवणं : कढईत तूप गरम करून राजगिऱ्याच्या लाह्या मंद आचेवर दोन मिनिटं परता. गॅस बंद करून गूळ आणि दालचिनी मिसळा. वाफवलेले मोदक दोन मिनिटं निवू द्या आणि अजून ओलसर चिकट असतानाच या लाह्यांत घोळवा. ब्रेडच्या चुऱ्याचा कुरकुरीतपणा राजगिऱ्यानं आणला! उपासाच्या डब्यात डोकावलंत तर राजगिरा, वरई, शिंगाडा, साबुदाणा अशी ग्लूटेन नसलेल्यांची आख्खी गँगच तिथे बसलेली असते. फक्त सुटं घेऊ नका. दुकानदाराचं माप गव्हाच्या पोत्यातूनही फिरतं. बंद पाकीट घ्या आणि लेबल वाचा.

शाकाहारातही दूध-तूप न घेणाऱ्या व्हीगन मित्रमंडळींसाठी तुपाऐवजी खोबरेल तेल वापरा, हळदीच्या पानाबरोबर मस्त जमतं. डायबिटिसवाल्यांसाठी मात्र हा पदार्थ नाही. तांदूळ आणि गूळ दोन्ही साखर वाढवणारेच. ग्लूटेन-फ्री म्हणजे शुगर-फ्री नव्हे, आणि वजन कमी करणारं तर त्याहून नव्हे!

श्रावणातल्या एका रविवारी घरचे आणि मावशीकडचे मिळून आम्ही आठ जण होतो. मोठ्या ताटात आठ मोदक, सगळे एकसारखे. बहिणीनं सवयीनं विचारलं, "ताई, यातलं मला कुठलं?" म्हटलं, "हवं ते उचल." ती क्षणभर तशीच बसली. मग तिनं पीठ कुठलं, चाळणी कुठली, तूप कुठलं, सगळं विचारून घेतलं आणि मगच उचलला. बरोबरच केलं तिनं. तब्येत तिची आहे. पहिल्या घासाला आतला लाल रस हनुवटीवर ओघळला तेव्हा माझी कडक शिस्तीची मावशी म्हणाली, "हात पूस आधी." त्यावर बहीण म्हणाली, "थांब गं आई, अजून एक आहे का बघ ना!" एकही उरला नव्हता. काकांनी शेवटचा संपवून टाकला होता आणि 'हे डाएटचं आहे' हे त्यांना कोणी सांगितलेलंच नव्हतं.

तुमच्या ग्रुपमध्येही असं कोणी असेल तर त्यांना घरी बोलवायच्या आधी एक फोन करा. 'तू काय खात नाहीस?' हा प्रश्न त्यांना रोजचाच आहे. त्यापेक्षा 'मी हे-हे करतेय, अशा भांड्यात करतेय, चालेल ना?' असं विचारा. पाकीट फेकू नका, त्यांना लेबल बघायचं असतं. आणि त्यांनी नाही म्हटलं तर आग्रह नको, अगदी प्रसादाचासुद्धा!

शेवटचं, पण महत्त्वाचं. हे वाचून तुम्हाला स्वतःच्याच पोटाचा संशय आला असेल, तर उद्यापासून गहू बंद करू नका. आधी डॉक्टरांकडे जा. सिलिअ‍ॅकची रक्ताची तपासणी आणि गरज पडली तर आतड्याची बायॉप्सी, या दोन्ही गोष्टी गहू खाणं चालू असतानाच नीट कळतात. आधीच गहू सोडून दिलात तर रिपोर्ट नॉर्मल येऊ शकतो आणि खरं कारण लपून राहतं.

बाकी, तपासणीचा निकाल काहीही येवो, मोदक करायला कोणाच्या परवानगीची गरज नाही. आलुबुखार संपले तर थंडीत महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी आहेच. ती नाजूक असते, म्हणून बदामाची पूड थोडी जास्त आणि वाफ दोन मिनिटं कमी. करून बघा. आणि एखादा मोदक फुटलाच, तर तो किचनमध्येच उभ्यानं खाऊन टाका. आमच्याकडे सगळे तेच करतात!